विद्यानगरच्या बाल्कनीतला स्ट्रॉबेरीचा पाईप

माझे बाबा घाबरट होते, आणि मला त्याचा भयंकर राग यायचा.

आज त्यांना जाऊन एक वर्ष झालं. म्हणून खरं ते लिहिते.

आंध्र प्रदेशाचे दोन भाग झाले तेव्हाची गोष्ट. बाबांसारखी सरकारी ऑफिसांतली माणसंही वाटली जाणार होती. कोण हैदराबादला राहणार, कोण आंध्रात जाणार, याची लिस्ट यायची होती. कोण कुठला हे शाळेच्या दाखल्यावरून ठरणार होतं, आणि बाबांची सगळी शाळा नांदेडची, इथल्या शाळेचा दाखलाच नाही.

आणि आईचं डायलिसिस इथे. आठवड्यातून तीनदा.

"मी गेलो तर हिला कोण नेणार?" सकाळ-संध्याकाळ हेच. मी आहे ना, म्हटलं की ऐकून न ऐकल्यासारखं करायचे. मी तेव्हा कॉलेजात होते. माझ्यावर काडीचा भरवसा नव्हता.

आईला केळं बंद, संत्रं बंद, नारळपाणी बंद. डॉक्टरांनी दिवसाला चार स्ट्रॉबेऱ्यांना हो म्हटलं आणि बाबांना काम मिळालं.

आमच्या बाल्कनीत दोन खुर्च्या मावत नाहीत. म्हणून अफझलगंजच्या बाजारातून जाड पाईप आणला, त्याला चहूबाजूंनी भोकं पाडून घेतली, माती भरून उभा केला. प्रत्येक भोकात एक रोप.

महिन्याभरात खालची रोपं सुकायला लागली.

आईला दिवसाला पाण्याची एकच बाटली प्यायला मिळायची. बाबा झाडांनाही तीच एक बाटली मोजून द्यायचे, जास्त झालं तर काय, या भीतीने.

प्लंबर युसूफभाईंनी ते बघून कपाळाला हात लावला.

"साब, ये पौधे हैं. पेशंट नक्को समझो."

मग त्यांनी मधोमध भोकांची बारीक नळी घातली, तेव्हा कुठे पाणी तळापर्यंत पोचलं.

जानेवारीत फळं आली. लिस्ट नाही आली.

बाबा एका हाताने फळ खुडायचे आणि दुसऱ्या हाताने मोबाइलवर वेबसाइट रिफ्रेश करायचे. आई एकदा म्हणाली, "अहो, जायचं तेव्हा जाल. आज तरी इथे बसा."

बसले. फोन हातातच.

शेवटी लिस्ट आली. नाव हैदराबादेतच.

बाबा बाल्कनीत जाऊन रडले. मी आतून दार ओढून घेतलं, कारण मलाही रडू येत होतं.

पुढे दोनच वर्षं मिळाली त्यांना. हार्ट अटॅक. त्या दिवशी सुट्टी होती आणि ते चक्क निवांत होते.

बाबा, आईला मी नेते. आठवड्याचे तिन्ही दिवस. वर्षभरात एकदाही चुकलं नाही.

आता तरी भरवसा ठेवा.

जयभीम, बाबा.