मामाची टेकडी

माझा मामा मिक्सर दुरुस्त करतो. सरहद्दीवरच्या लढाईत तो फौजेत आचारी होता, पण गल्लीत सगळे त्याला ‘कॅप्टन’ म्हणतात. आता त्याच्याही ते अंगवळणी पडलंय.

दरवर्षी विजयदिनी शाळा त्याला भाषणाला बोलावते. पहिल्या वर्षी त्याने खरं ते सांगितलं: आम्ही कांदे सोलत होतो, लांबून तोफा ऐकू यायच्या. पोरं जांभया द्यायला लागली. “जरा रंगवून सांगा की,” मुख्याध्यापिकाबाई म्हणाल्या. मामा पडला भिडस्त. पुढच्या वर्षी टेकडी आली, मग गोळीबार, मग मामाच्या मांडीवर डोकं ठेवून पाणी मागणारा जखमी शिपाई. लोक राईचा पर्वत करतात, आम्ही कांद्यांची टेकडी केली.

परवा त्याचा जुना जोडीदार दुकानात आला. दोघं एकाच भटारखान्यात राबलेले. शाळेने दिलेलं भिंतीवरचं मानपत्र वाचून तो हसत सुटला.

“टेकडीवर? तू? अरे, आपण भटारखाना सोडला कधी?”

“मग तो शिपाई?” मामाने विचारलं.

“ते तर रसद आणणाऱ्या ट्रकवाल्याने सांगितलं होतं. जेवता जेवता.”

मला वाटलं, मामा ओशाळेल. तो पांढराफटक पडला. “नाही रे. त्याचं डोकं जड होतं. माझी मांडी बधिर झाली होती.”

जोडीदाराने गडबडीने विषय बदलला. तो गेल्यावर मामाने हातातला स्क्रूड्रायव्हर खाली ठेवला.

“मी खोटं बोलत नाही गं,” तो मला म्हणाला. “पण तोही खोटं बोलत नाही. मग त्या जखमी पोराजवळ होतं कोण?”

मी काय सांगणार, कपाळ? ही गोष्ट खोटी म्हणणाऱ्या एका मैत्रिणीशी मी कायमचं बोलणं टाकलंय.

काल शाळेत तो माइकपुढे उभा राहिला. “मी आचारी होतो,” म्हणाला. “टेकडीवर गेलो होतो की नाही, माझं मलाच कळेनासं झालंय.”

बाई चुळबुळ करायला लागल्या. पोरांना वाटलं, म्हातारा विसरला. गोष्ट त्यांना तोंडपाठ, त्यांनीच ती सांगायला घेतली. टेकडी, गोळीबार, तो शिपाई. मामा कानात प्राण आणून ऐकत होता.

“मग?” त्याने विचारलं. “मी त्याला पाणी दिलं का?”

“दिलं!” अख्खी शाळा ओरडली.

मामा मटकन खुर्चीत बसला आणि सगळ्यांदेखत हुंदके देऊन रडला. टाळ्या थांबेनात. मीही वाजवत होते, कशासाठी ते मला अजून सांगता येत नाही.