शवासनातली माणसं

दहा-बारा माणसं रोज पहाटे एकाच हॉलमध्ये उताणी पडायला लागली की वर्षभरात किस्से इतके साठतात, की आसनं विसरतात आणि किस्सेच लक्षात राहतात! नव्वदच्या आसपास पनवेलच्या एका शाळेत आमचा योगवर्ग भरायचा, साडेपाच ते साडेसहा. शिकवायला दामले सर, निवृत्त पीटी मास्तर. मी त्यांचा सर्वात जुना विद्यार्थी, म्हणून स्वतःला निम्मा गुरू समजायचो.

*

बँकेतले पाटणकर पहिल्याच दिवशी ऑफिसची टाइट पँट घालून आले. पादहस्तासनात वाकले आणि मागून टर्रकन आवाज आला! हॉल चिडीचूप. सर डोळे न उघडता म्हणाले, "चालू ठेवा. कापड मोकळं झालं, आता कंबरही होईल."

*

जवळच्या नेरे गावचे म्हात्रे पाठदुखीसाठी लूनावरून यायचे. सर सांगत होते, "योग म्हणजे कसरत नव्हे. शरीर, श्वास आणि मन, तिन्ही इथे हजर पाहिजेत."

म्हात्रे प्रामाणिकपणे म्हणाले, "सर, दोन हायत. मन घरी म्हशीपाशी ऱ्हायलाय, ती आज-उद्या विणार हाय!"

त्या दिवशी सरांनी त्यांना अर्ध्यातून घरी पाठवलं. दुसऱ्या दिवशी म्हात्रे सगळ्यांसाठी खरवस घेऊन आले.

*

मग जलनेती आली. कोमट मिठाचं पाणी एका नाकपुडीतून घ्यायचं, दुसरीतून सोडायचं. नेतीचं भांडं सापडेना म्हणून पाटणकरांनी घरातली चहाची किटली घेतली, आणि उरलेलं पाणी तिच्यातच ठेवून दिलं. त्याच दिवशी मुलीला बघायला पाहुणे आले. मुलाच्या वडिलांनी एक घोट घेतला, कप खाली ठेवला आणि विचारलं, "तुमच्याकडे साखर वेगळी मिळते का हो?" लग्न मात्र जमलं.

*

सरांचा एकच कडक नियम होता. शवासनात कुणाला झोप लागली तर उठवायचं नाही. "त्या माणसाला ती हवीच होती," म्हणायचे. एकदा पाटणकर असे झोपले की शाळेची मुलं प्रार्थनेला आली तरी जाग नाही. पांढरी चादर, बंद डोळे, जोडलेले पाय! मुलं आपण होऊन दोन मिनिटं शांत उभी राहिली. पाटणकर उठले आणि गोंधळून म्हणाले, "जय हिंद!"

*

सर मला विचारायचे, "वहिनींना का नाही आणत?"

मी म्हणालो, "तिचं घरकाम हाच तिचा व्यायाम!" सगळे हसले. सर हसले नाहीत. म्हात्रे म्हणाले, "भाऊ, आमची म्हस पन दुपारी बसते." मला तेव्हा तो विनोदच वाटला. आज त्या हसण्याची लाज वाटते.

माझी बायको नलू साडेचारला उठायची. पाच वाजता नळ यायचा. पाणी भरणं, माझा चहा, मग डबा. तिला रात्री धड झोप लागत नसे, पाठ धरायची. आणि मी वर्गातून ताजातवाना होऊन आलो की तिला मनःशांतीवर लेक्चर द्यायचो.

*

शेवटी सरांनी घरी येऊनच तिला बोलावलं. सोमवारी ती आली, आयुष्यात पहिल्यांदा पंजाबी ड्रेस घालून, वरून शाल गुंडाळून. आसनं जमतील तशी केली. मग शवासन. सर म्हणाले, "आता काहीही करायचं नाही."

मिनिटभरात तिला गाढ झोप लागली. तोंड किंचित उघडं, कपाळावर एक आठी नाही. इतक्या वर्षांत मी तिचा असा चेहरा पाहिला नव्हता. सगळे चवड्यांवर बाहेर गेले. म्हात्र्यांनी पंख्याचं बटण हळूच बंद केलं, तो करकर वाजायचा म्हणून. सर मुख्याध्यापकांकडे गेले, आजची प्रार्थना मैदानात घ्या असं सांगायला.

मी घड्याळ पाहिलं. पावणेसात. सात-वीसची एसटी.

खांद्याला हात लावून म्हणालो, "नलू, ऊठ. डबा."

ती दचकून उठली आणि झोपेतच सतरंजीची घडी घालायला लागली. सर दारात उभे होते. तीच त्यांना म्हणाली, "सॉरी हं, माझ्यामुळे उशीर झाला."

दुसऱ्या दिवशी पहाटे मी चप्पल घालता घालता विचारलं, "येतेस ना?"

ती नळाखाली बादली धरून उभी होती.

"नको हो," ती म्हणाली, "तिथे झोप लागते."