ओलं जग आणि चिंबोऱ्यांचा थांबा

निवृत्त माणसाला घरात कुणी विचारेनासं झालं की तो एक तर भाजी निवडायला बसतो, नाही तर तत्त्वज्ञान काढतो. मेथीची देठं ठेवून पानं टाकल्याचा माझा इतिहास असल्यामुळे भाजीचा मार्ग मला बंद होता. राहिलं तत्त्वज्ञान.

डोंबिवली सोडून पनवेलला, पळस्प्याच्या अलीकडे नव्या इमारतीत राहायला यायचं हा हट्ट माझाच. आलो, आणि लक्षात आलं की इथलं वास्तव एका जागी थांबत नाही. सकाळचा रस्ता संध्याकाळी खणलेला. बाल्कनीतून दिसणारी टेकडी रोज थोडी कमी. फोनच्या नकाशावर तर आमची इमारत नदीच्या पात्रात. पार्सलवाले खालून फोन करायचे, "सर, लोकेशनवर पाणी दाखवतंय." मी म्हणायचो, "या तसेच पुढे. दुसरा मजला."

एके दिवशी फाटकासमोर नवा फुटपाथ झाला. सिमेंट ओलं होतं, तेवढ्यात एक कुत्रा त्यावरून शांतपणे चालत गेला. त्याचे पंजे आजही तिथे आहेत. ठेकेदाराचं नाव कुणाला ठाऊक नाही, पण कुत्र्याची सही कायम! ते पाहून मला साक्षात्कार झाला. जग अजून वाळलेलंच नाही. जो न कचरता पाय ठेवतो, त्याचा ठसा उमटतो. जो कचरतो, त्याला दुसऱ्यांच्या ठशांतून चालावं लागतं. आणि मुख्य म्हणजे, एखादी गोष्ट आहे असं नुसतं म्हणायचं नाही, ती आहे असं वागायचं. म्हणणाऱ्याकडे जग ढुंकून बघत नाही. वागणाऱ्यापुढे ते जरा लाजतं, आणि तसं होतं. या विचाराला मी 'ओलवाद' असं नाव दिलं. जन्मभर विमा विकलेला माणूस मी. न घडलेल्या गोष्टींवर लोकांचा विश्वास बसवण्याचा सराव होताच.

पहिला प्रयोग इमारतीमागच्या चिखलावर केला. इथे रस्ता आहे, असं मनाशी पक्कं धरून मी ताठ मानेने निघालो आणि गुडघ्यापर्यंत आत गेलो. वॉचमनने ओढून काढलं. डावी चप्पल आतच राहिली. पुढे तिथे खरोखरच रस्ता झाला, त्यामुळे त्या रस्त्याच्या पायात माझी चप्पल आहे, हे मी येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगतो.

बायकोला यातलं काहीच गमतीचं वाटत नव्हतं. डोंबिवलीत तिचा गाण्याचा क्लास होता, मैत्रिणी होत्या. इथे जुन्या पनवेलीत एक चांगल्या बाई शिकवतात असं तिला कळलं होतं, पण जायचं कसं? स्टेशनकडे जाणारी बस आमच्या समोरून भर्रकन निघून जायची, कारण थांबा पार मागे नाक्यावर. तिचे गुडघे तेवढं चालू देत नव्हते आणि रिक्षावाले आमच्या इमारतीचं नाव ऐकूनच मान फिरवायचे. तंबोरा खोळीतून बाहेर आला नव्हता.

"अहो, दिवाळीपर्यंत बघते," ती एकदा शांतपणे म्हणाली. ती चिडून बोलते तेव्हा मला भीती वाटत नाही. "नाही जमलं तर हा फ्लॅट भाड्याने द्यायचा आणि परत जायचं. तुम्हाला तुमच्या ओल्या जगात राहायचं असेल तर राहा. टॉवेल ठेवून जाईन."

आता ओलवादाची खरी परीक्षा होती. मी प्लॅस्टिकची खुर्ची घेऊन रस्त्याच्या कडेला गेलो आणि थांबा आहे असं समजून बसची वाट बघायला लागलो. रोज. बस न थांबता जायची, मी घड्याळ बघून "आज लेट आहे" असं पुटपुटायचो. आठवड्याभरात एक गृहस्थ मागे येऊन उभे राहिले. मग दोन कॉलेजच्या मुली. आपल्याकडे रांग दिसली की माणूस आधी उभा राहतो, कसली ते मागून विचारतो.

एक दिवस डोक्यावर पाटी घेतलेली मासेवाली थांबली. "दादा, रांग कसली हाय?"

"बसची."

"हितं बस थांबते?"

"थांबेल."

"म्हंजे थांबत नाय." तिने पाटी खाली उतरवली. "बरा हाय. तुमी बसा तवर, आमी बी बसतो. चिंबोऱ्या बगा, भरलेल्या हायत."

पाटीत खेकडे वळवळत होते. रांगेतल्या निम्म्या लोकांनी चिंबोऱ्या घेतल्या. दुसऱ्या दिवशी रांग दुप्पट झाली. मी धन्य झालो. संध्याकाळी बाल्कनीतून हाक आली, "अहो! स्टेशनची बस समोरच्या बाजूने जाते. तुमच्या बाजूची पळस्प्याला जाते!"

इतके दिवस मी बायकोसाठी उलट्या दिशेचा थांबा घडवत होतो. मासेवाली पदर तोंडाला लावून हसत राहिली. "वयनी, यांना एकटं सोडू नका बरं का!"

बायको खाली आली. मला वाटलं आता खुर्चीसकट घरी नेणार. तिने खुर्ची उचलली, रस्ता ओलांडला आणि पलीकडे नेऊन ठेवली. मग मागे वळून मासेवालीला म्हणाली, "मावशी, तुम्हीही इकडे या. आमच्याकडे मासे खाणारे जास्त आहेत." पाटीमागोमाग अख्खी रांग पलीकडे गेली. मी सगळ्यात शेवटी. संस्थापक होतो ना.

दोन-चार दिवसांनी स्टेशनची बस आली, पुढे गेली, कचकन थांबली आणि हळूहळू मागे आली. ड्रायव्हरने खिडकीतून डोकं काढलं. "मावशी, चिंबोऱ्या कशा दिल्या?"

त्यांचा भाव ठरेपर्यंत सगळी रांग बसमध्ये चढली होती. बायको खिडकीशी बसली होती. तिने माझ्याकडे पाहिलं नाही, पण ओठ घट्ट मिटून घेतले. हसू आवरताना ती तसं करते.

त्यानंतर बस रोज थांबायची. सोमवार सोडून. सोमवारी ड्रायव्हर मासे खात नसे, आणि मासे घ्यायचे नाहीत तर थांबायचं कशाला? तरीही बायकोचा क्लास सुरू झाला. मी विजयाचं भाषण मनात तयार करत होतो, तेवढ्यात श्रावण लागला आणि बस महिन्याभरासाठी पुन्हा भर्रकन जाऊ लागली. देवधर्मापुढे ओलवादाचा काय पाड? तंबोरा परत खोळीत गेला. मी खुर्चीची घडी घालायला निघालो, ती घडीची नाही हेही विसरून.

"ठेवा ती," बायको म्हणाली आणि खाली मासेवालीकडे गेली. "मावशी, श्रावणात रानभाज्या मिळतील का हो? टाकळा, कुर्डू? आणि शिराळी?"

"आमच्या बांदावर ढिगानं हाय. पर घेनार कोन?"

"ड्रायव्हर घेईल. नुसती पाटी दिसायला हवी."

पहिल्या दिवशी बस गेली. दुसऱ्या दिवशीही गेली. बायको रस्त्याच्या कडेला टाकळ्याची जुडी हातात धरून अशी उभी होती, की बस थांबते यात तिला तिळमात्र शंका नसावी. तिसऱ्या दिवशी बस थांबली. माझा सिद्धांत माझ्यापेक्षा तिला चांगला जमतो, हे मी त्या दिवशी मान्य केलं. अर्थात मनात. तेव्हापासून सोमवारचीही सोय झाली.

दिवाळीच्या आधी ती फोनवर बहिणीशी बोलत होती. मी पेपरच्या आड कान टवकारून बसलो होतो. मुदत संपत आली होती.

"नाही गं, आम्ही कशाला येतोय? यंदा तुम्हीच या. स्टेशनवरून बस आहे. चिंबोरी स्टॉपला सोडा म्हणून सांग... नाही, नावाची पाटी वगैरे नाही. पण येताना आमच्याच बाजूला उतराल, रस्ता ओलांडू नका. समोर खुर्ची दिसेल." मग जरा थांबून म्हणाली, "आणि नकाशा बघू नकोस. त्यात आम्ही अजून पाण्यातच आहोत."

आतल्या खोलीत खोळ काढलेला तंबोरा भिंतीला टेकून उभा होता. पेपर मी उलटा धरला होता, असं ती नंतर सगळ्यांना सांगत होती.