आमचीच धून

ही गोष्ट सांगायची मी साठ वर्षं टाळली. घरात जुन्या रेकॉर्डींचा विषय निघाला की मी उठून गॅलरीत जायचो. माझ्या बायकोलाही अर्धीच माहीत होती. आता पंच्याऐंशी उलटली आहे आणि ती रेकॉर्ड कुणाच्या संग्रहात असलीच, तर तिच्या लेबलवर एक शब्द चुकीचा आहे, हे सांगणारा माझ्याशिवाय कोणी उरलेला नाही.

साठीच्या दशकात मी बेळगावहून बंगलोरला आलो. दिवसा एका कंपनीत टायपिस्ट होतो. संध्याकाळी कॅंटोन्मेंटमधल्या एका क्लबच्या बॅंडसाठी नोटेशन लिहायचो. मिशनच्या शाळेत पियानो शिकल्याचा तेवढा उपयोग झाला. बॅंडमास्तर गोव्याकडचे, सॅक्सोफोन वाजवायचे. त्यांचा क्लॅरिनेटवाला आजारी पडला तेव्हा त्यांनी लग्नाच्या बॅंडमधला एक माणूस आणला आणि तो राहूनच गेला. पन्नाशीचे, पिढ्यान् पिढ्या बंगलोरात असलेल्या मराठी घरातले. आम्ही त्यांना अण्णा म्हणायचो. कन्नड वाचता यायचं, इंग्रजी नाही, नोटेशन तर नाहीच. एकदा ऐकलं की वाजवायचे.

स्वतःबद्दल ते कधी ‘मी’ म्हणत नसत. “आमचं डोकं दुखतंय. आम्हाला कॉफी स्वल्प द्या.” मी सविस्तर काही बोलू लागलो की म्हणायचे, “काय हो टायपिस्ट, तुम्ही बेळगावची माणसं कॉफी मागायलाही अर्ज करता.”

मद्रासच्या एका कंपनीनं आमची रेकॉर्ड काढायचं ठरवलं. एका बाजूला त्या वेळी सगळे ज्यावर नाचत ती इंग्रजी गाणी आणि दोन सिनेमाची, पण जॅझच्या चालीनं, तबल्यासकट. दुसऱ्या बाजूला स्वतःच्या चार रचना. तीन बॅंडमास्तरांच्या. चौथी अण्णांनी क्लॅरिनेटवर ऐकवलेली एक वरातीची धून. ती थोडं चालायची, थांबायची, जागच्या जागी पाय आपटायची आणि पुढं निघायची. बॅंडमास्तरांनी तिच्याखाली पियानोचे सूर घातले आणि तीही रेकॉर्डसाठी ठरली.

मद्रासला रेकॉर्डिंग संपलं आणि लेबलसाठी यादी टाइप करायचं काम माझ्याकडे आलं. गाण्याचं नाव, समोर रचनाकाराचं. कंपनीचा माणूस दारात उभा होता.

“अण्णा, ही धून कोणाची?”

“आमचीच की.”

“म्हणजे तुमच्या लोकांची?”

“हां, आमचीच.”

मी समोर ‘ट्रॅडिशनल’ असं टाइप केलं आणि कागद दिला.

परतीच्या गाडीत सहज विचारलं, “ती धून किती जुनी असेल?”

“जुनी कुठली? आमच्या धाकटीच्या लग्नात झाली ती. सगळ्या गावाच्या वराती वाजवल्या, तिच्या वरातीत नाही वाजवता आलं. मुलीच्या बापानं कसं वाजवायचं? आम्ही मांडवात उभे. बॅंड लांब जात गेला, ऐकू येईना. तिथून पुढचं आम्ही मनात वाजवलं.”

वर्षभर त्यांचं ‘आमचं’ ऐकत होतो मी. तरी त्या दुपारी मला ते कळलं नाही.

बॅंडमास्तरांना सांगितलं. ते म्हणाले, “असू दे रे बाबा. लोकसंगीत म्हटलं की लोक कौतुकानं ऐकतात. पुढच्या छपाईत बदलू.” मी मद्रासला पत्र टाकलं. दोन ओळींचं उत्तर आलं, लेबलं छापून झाली आहेत. पुढची छपाई कधी झालीच नाही. इथपर्यंत मला स्वतःला माफ करता येतं.

एका रविवारी मी बंगलोरजवळच्या के. आर. पुरमला त्यांच्या घरी रेकॉर्ड घेऊन गेलो. घरात ग्रामोफोन नव्हता. अण्णांनी पंच्यानं हात पुसून ती बाहेर काढली.

“आमचं नाव कुठं आहे, दाखवा.”

त्यांची बायको हळदकुंकू घेऊन शेजारी उभी होती. मी त्यांचं बोट धरून ‘ट्रॅडिशनल’ या शब्दावर ठेवलं आणि त्यांचं नाव मोठ्यानं वाचलं.

“एवढं लांब?”

“इंग्रजीत लांबतं, अण्णा.”

ते हसले. बायकोनं बरोबर त्या शब्दावर कुंकू लावलं. त्यानंतर घरी येणाऱ्या प्रत्येकाला ती रेकॉर्ड दाखवली जायची, ऐकवता येत नसली तरी. क्लबमध्ये मला रोज वाटायचं, आज सांगू. मग ते कॉफी पुढं करायचे.

दीड वर्षानं त्यांच्या मुलाचं लग्न झालं. सून मॅट्रिक झालेली होती. काही आठवड्यांनी तालमीच्या आधी अण्णा माझ्या टेबलापाशी आले.

“ट्रॅडिशनल म्हणजे काय हो?”

“परंपरेनं आलेलं.”

“म्हणजे कोणाचंच नाही.”

“सगळ्यांचं, अण्णा.”

“सून म्हणाली, मामंजी, इथं तुमचं नाव नाही. पाहुणे बसलेले. आम्ही तिला म्हटलं, तुला वाचता येत नाही, नुसती शाळेत बसून आलीस. सगळे हसले तिला.” ते क्लॅरिनेटच्या तोंडाची पट्टी जिभेनं ओली करत राहिले. “ती धून मी केली होती.”

त्यांच्या तोंडून ‘मी’ पहिल्यांदा ऐकला. आमच्यामध्ये नोटेशनचे कागद होते, ते मी नीट लावत बसलो.

महिना संपेपर्यंत ते वाजवायला आले, मग आले नाहीत. मी के. आर. पुरमला गेलो. गाडीत वाक्य जुळवत होतो. दार सुनेनं उघडलं.

“मामंजी बाहेर गेलेत,” ती म्हणाली. आत त्यांचा खोकला ऐकू येत होता. तिलाही तो ऐकू येत होता. ती दारातून हलली नाही, आणि तिच्या डोळ्याला डोळा भिडवायचं मला धाडस झालं नाही.

“मी येऊन गेलो म्हणून सांगा,” म्हणालो आणि स्टेशनकडे वळलो. पुढं ते घर सोडून गेले, आणि काही वर्षांनी अण्णा वारल्याचंही मला दुसऱ्याकडूनच कळलं. त्यांचं नाव मी इथंही लिहिलेलं नाही. घरच्यांना विचारायचं तर कोणी सापडत नाही, आणि न विचारता त्या नावाला पुन्हा हात लावायचा मला अधिकार नाही.

त्या दिवशी गाडीत जुळवलेलं वाक्य एवढंच होतं: अण्णा, तुमच्या सुनेनं बरोबर वाचलं होतं, खोटं मी वाचलं, तुम्ही दोघांनी मला क्षमा करा.