मागचे शॉकअप

हे मी कुणालाच सांगितलेलं न्हाई. पोरीला न्हाई, मेव्हण्याला न्हाई — देवापुढं उभा राहिलो तवा बी तोंड उघडलं न्हाई. माझी शाळा चौथीपर्यंत. अक्षर कोंबडीनं उकरल्यासारखं. तरी लिहायला बसलोय, कारण बोलायला लागलो की मी गोष्ट फिरवतो. कागदावर फिरवता येत न्हाई. म्हणजे — येत असंल. बघू.

गोष्ट गाडीची हाय. तुमी म्हणाल, गाडीचं काय कबूल करायचं? कुणाला उडवलं का? न्हाई. गाडी माझ्याच बायकोवर चालवली मी. पण ती गाडीच्या आत बसलेली होती.

मी नेकनूरचा. चाळीस वर्षं पिठाची गिरणी चालवली. गिरणीचा पट्टा जरा सैल झाला तर चिमटीत पीठ धरून मला कळायचं. हे आधीच सांगून ठेवतो. नंतर माझ्याच मनात येईल, की बाबा, तुला यंत्रातलं कळत नव्हतं. कळत होतं.

बायको गयाबाई. ती जाऊन आता वर्ष झालं. तिची आई पाटोद्याकडच्या गावाला, भावाजवळ. म्हातारी अंथरुणाला खिळलेली, पण ताठ्याची — सुनेच्या हातनं जेवायची, सुनेच्या हातनं अंग पुसून घ्यायची, डोकं मात्र लेकीशिवाय कुणाला धुवू द्यायची न्हाई. म्हणून दर सोमवारी गया जायची. पिशवीत शिकेकाई, फणी, नखं काढायची कात्री. पहिल्यांदा यष्टीनं जायची. मग गिरणी पुतण्याला दिली अन् मी एक जुनी पांढरी गाडी घेतली, लहान, चार माणसांची. गयासाठीच घेतली. गावात तसंच सांगत फिरायचो — बायकोसाठी घेतली म्हणून.

गया कायम मागं बसायची, डाव्या अंगाला. पुढची सीट रिकामी असली तरी. नवऱ्याच्या शेजारी पुढं बसून गावातनं जायचं तिला जड जायचं, अन् मला बी. पुढं पुरुष माणूस बसतो, न्हाईतर पिशवी बसती. हे कुणी ठरवलेलं न्हाई, पण आमच्याकडं असं हाय.

दोन वर्षांत गाडी आदळायला लागली. खड्ड्यातनं निघाली तरी डुलत राहायची, स्टेअरिंग हातात थरथरायचं. मागनं गया म्हणायची, "अहो, मणक्यावर हातोडी मारायलंय कुणीतरी." मी म्हणायचो बघू. एकदा ओट्यावर चार बाया बसल्या होत्या, तिथं ती बोलून गेली — "ह्यांच्या गाडीपरीस यष्टी बरी. यष्टीत आदळलं तर कंडक्टरला बोलता तरी येतं!" बाया हसल्या. मी बी हसलो. पण लागलं मला. दुसऱ्याच दिवशी गाडी काढली अन् फाट्यावर रशीदभाईच्या गॅरेजला गेलो.

रशीदभाईनं एकेका कोपऱ्यावर दोन्ही तळहात ठेवून गाडी दाबली अन् सोडली. "बघा काका, दाबून सोडली की एकदा वर येऊन गप बसाय पाहिजे. ही तर झोका खेळायलीय." खाली वाकून दाखवलं — चाकाचा धक्का झेलणारे ते शॉकअप, त्यातल्या पुढच्यातनं तेल पाझरून धूळ चिकटलेली, टायर लाटा लाटांनी झिजलेले. मागचे बघून तो नुसता हसला. "हे तर कवाच मेलेत. चारी बदला. बदलायचे तर जोडीनं — पुढची जोडी, मागची जोडी. एक नवा एक जुना घातला की गाडी लंगडती." त्याच्याकडं जुनेच शॉकअप, परत तेल भरून काळा रंग मारलेले बी होते. म्हणला, "हे घेऊ नका, रंगवलेलं मढं हाय." मी कंपनीचे सांगितले. चिकटपणा केला न्हाई, त्याचं पाप मला लावून घेता येत न्हाई. लावता आलं असतं तर सोपं होतं.

पुढची जोडी त्याच्याकडं होती. मागची बीडहून आणायची होती. "परवा या. मागच्याला काय लागतं? तासाभराचं काम."

पुढचे बसवले, गाडी घेऊन निघालो — अन् काय सांगू, स्टेअरिंग हातात मांजरासारखं गप. मी पुढं बसतो ना. माझं दुखणं तिथंच थांबलं.

घरी आलो तर मेव्हणा नामदेव ओट्यावर चहा पीत बसलता. गयानं दारातनंच विचारलं, "झाले का? चारी?"

मी म्हणलं, "चारी."

कावून म्हणलं? लई दिवस शोधलं मी. परवा जाणारच होतो, म्हणजे परवा जे खरं होणार ते आज सांगितलं — असं मी स्वतःला समजावलं. मेव्हण्यापुढं अर्धं काम करून आलो म्हणायची लाज वाटली, हे बी हाय. ती यष्टीची गोष्ट मनात होती, हे बी हाय. काही असो. शब्द गेला. अन् परवा मी गेलोच न्हाई. कामधंदा नव्हता, आजारी नव्हतो. मला आदळत नव्हतं, म्हणून गेलो न्हाई.

पुढच्या सोमवारी गया हौसेनं बसली. रस्ता तुमाला ठाऊक असंल तर ठाऊक असंल. पहिल्या खड्ड्याला ती काही बोलली न्हाई. दुसऱ्याला "आई गं" म्हणली. पोचलो तवा तिला सरळ उभं राहता येईना, दाराला धरून वाकलेली. नामदेव पुढं झाला, त्याची बायको आली. गया म्हणली, "अहो, नवे घातले ना? मग असं कावून आदळायलंय?"

सगळे माझ्याकडं बघायला लागले. मी म्हणलं, "गाडी न्हाई आदळत. तुझी कंबर गेलीय. वय झालं."

नामदेव म्हणला, "खरंय दाजी. अक्का, आता जपाय पाहिजे तू." त्याची बायको म्हणली, "वन्संला आधीपासूनच वाऱ्याचा त्रास." अन् गयानं — मान हलवली. खरं असंल म्हणली. तिला दुखत होतं ते गाडीतनं येत होतं, अन् आमी चौघांनी मिळून ते तिच्या अंगात ढकललं.

त्या दिवसापासनं मी अडकलो. बघा कसं ते. रशीदभाईकडं गुपचूप जाऊन मागचे बसवता आले असते की न्हाई? आले असते. पण मग पुढच्या सोमवारी गया बसली असती अन् म्हणली असती, आज कसं काय आदळलं न्हाई? तिला सगळं कळतं. गिरणीवाल्याची बायको हाय. गाडी सुधारली असती तर मी उघडा पडलो असतो. म्हणून गाडी तशीच ठेवली. गयाखाली वाकळ घातली, दोन घड्या करून. रस्त्यानं हळू चालवायला लागलो. बाया म्हणायच्या, नवरा किती जपतो! गया बी म्हणायची.

पोरगी मंगल तिला बीडला घेऊन गेली. डॉक्टरनं फोटो काढला, म्हणला मणक्यात थोडा गॅप हाय, या वयात सगळ्यांनाच असतो. मग विचारलं — प्रवास होतो का? धक्के बसतात का? मंगल माझ्याकडं बघायला लागली. मी म्हणलं, गाडीचे शॉकअप नवे हैत. डॉक्टरनं पट्टा लिहून दिला. मी तो रोज सकाळी माझ्या हातानं तिच्या कमरेला बांधायचो. घट्ट झाला का, विचारायचो.

तुमाला वाटंल, तिनं यष्टीनं जायचं. मी बी वाट बघत होतो की तिला हे सुचंल. पण ती म्हणायची — नव्या शॉकअपच्या गाडीत माझं असं होतं, तर यष्टीत काय होईल? माझ्या एका शब्दानं तिच्यासाठी यष्टी बी बंद झाली. सोमवार पंधरा दिवसांवर गेला, मग महिन्यावर. मग ती घरातच. फोनवर म्हातारी विचारायची, "गये, कवा येतीस? डोकं वळवळायलंय." गया म्हणायची, येते, पट्ट्यानं फरक पडायलाय. फोन ठेवला की भिंतीकडं बघत बसायची.

एवढं सांगून थांबलो तर तुमी म्हणाल, खोटं बोलला, कोण बोलत न्हाई? पण जे सांगायचंय ते हे न्हाई. ते अजून पुढंच हाय. मी दुसऱ्यांदा चहा केला, खाटेवर जाऊन पडलो, परत येऊन बसलो — लिहितो.

एका सोमवारी गया सकाळीच तयार झाली. ठेवणीतलं हिरवं लुगडं, हातात ती पिशवी. मी गाडी चालू केली. ती मागच्या दाराकडं गेलीच न्हाई. पुढच्या डाव्या दाराच्या कडीवर हात ठेवून उभी राहिली अन् खाली बघत म्हणली, "अहो, आज पुढं बसून बघू का? पुढं कमी आदळत असंल."

चाळीस वर्षांच्या संसारात तिनं मला असं काही मागितलं नव्हतं. पोटातनं हिंमत काढून आणली होती तिनं. अन् मला काय दिसलं? मला दिसलं की ही पुढं बसली की पहिल्याच खड्ड्यात हिला कळणार. पुढं नवे, मागं मेलेले. पाटोद्यापर्यंत जायची गरज न्हाई, गावच्या वेशीपाशीच कळणार.

मी मोठ्यानं म्हणलं — समोरच्या ओट्यावर माणसं होती, त्यांना ऐकू जाईल असं — "या वयात शोभतंय का? नवरीवाणी मिरवत जायचंय का गावातनं?"

ओट्यावरचा एक जण हसला. "जाऊ द्या की राव, म्हातारीला हौस आलीय!"

गयानं हात असा मागं घेतला, जसा तव्यावरनं घेतात. "राहू द्या," म्हणली. "आज न्हाई जात." पिशवी घेऊन आत गेली. मी गाडीत तसाच बसलो, इंजिन चालू. अन् मला काय वाटलं सांगू? सुटलो, असं वाटलं. हे हाय. हे मला सांगायचं होतं. वाईट वाटलं न्हाई मला. सुटल्यासारखं वाटलं.

महिन्याभरानं म्हातारी गेली. आमी गेलो, गया मागं, वाकळीवर. दारात पोचली, आईच्या तोंडावरचा पदर सारला अन् पहिलं काय विचारलं असंल? "केस कुणी कापले?" नामदेवची बायको म्हणली, वन्सं, जटा झाल्या होत्या, निघेनात. गयानं ते कापलेलं डोकं मांडीवर घेतलं अन् मोकळ्या बोटांनी विंचरत बसली.

नंतर तीन वर्षं जगली. पोटाच्या दुखण्यानं गेली, कमरेचा काही संबंध न्हाई. डॉक्टरला मी दोनदा विचारून घेतलं. कावून विचारलं, ते तुमी समजून घ्या.

अस्थी घेऊन गंगेला निघालो — आमी गोदावरीलाच गंगा म्हणतो. गाडी जावई चालवत होता. पुढं नामदेव बसला. मी मागं, डाव्या अंगाला, मांडीवर फडक्यात बांधलेलं गाडगं. ती गाडी घेतल्यापासनं मी मागं कधी बसलोच नव्हतो. कशाला बसंल? मालक.

पहिला खड्डा आला अन् खालनं कुणीतरी पहार घातली. दुसरा आला. गाडगं उडू नये म्हणून मी दोन्ही हातांनी धरलं, मग स्वतःला धरायला हातच उरला न्हाई. ती असंच आईसाठी लाडवांचा डबा मांडीवर धरून बसायची. पुढं ते दोघं आरामात बोलत होते. मी वाकत वाकत दाराला टेकलो.

नामदेवनं मागं वळून बघितलं. "दाजी, कंबर धरली का?"

सांगायची वेळ होती. तिच्या भावाला, तिच्यादेखत. मी म्हणलं, "वय झालं."

"अक्काचं बी असंच झालतं," तो म्हणला.

तेराव्यानंतर मी फाट्यावर गेलो. रशीदभाई आता चष्मा लावतो. त्यानं गाडी बघितली, मला बघितलं. "काका, तुमी परवा येणार होता." तो हसला. "लई लांबचा परवा निघाला तुमचा."

त्यानं चाकं काढली. जुने शॉकअप माझ्यापुढं टाकले. नव्याचा दांडा तळहातानं दाबून दाखवला — सावकाश, जोर लावत वर आला. जुन्याचा मी दाबला. खाली गेला अन् तिथंच राहिला.

मी म्हणलं, तू चालव, मी मागं बसतो. पाटोद्याच्या रस्त्यानं पुलापर्यंत गेलो, डाव्या अंगाला बसून. सगळे खड्डे मला पाठ होते. एकेक आला अन् गेला.

रशीदभाईनं आरशातनं विचारलं, "कसंय काका? आता लागतंय का?"

न्हाई. काही लागत न्हाई.

परत येऊन घड्याळ बघितलं. चाकं काढून, नवे बसवून, पुलापर्यंत जाऊन येऊन — तासाच्या आत सगळं झालं होतं.