सुई हलली का, महाराज?

गिअरबॉक्स खोलून पुन्हा बांधली की एखादा नट हातात उरतोच. गाडी सुरळीत धावते, गिऱ्हाईक समाधानाने जाते, आणि तो नट कुठला हे मात्र कळत नाही. आमच्या गॅरेजात असे नट टाकण्यासाठी पत्र्याचा एक डबा होता. गॅरेज बंद झाले, डबाही गेला; किस्से तेवढे माझ्याकडे उरले. पहाटे देवापुढे बसून डोळे मिटले, की नामाच्या आधी त्यांचाच खडखडाट सुरू होतो. देव क्षमा करील, असे मी धरून चालतो. कारण त्या खडखडाटात गफूरभाईंचा आवाज असतो.

हिंगोलीहून कळमनुरीकडे जाणाऱ्या रस्त्यावर आमची शेड होती. गफूरभाई गिअरचे मिस्त्री, मी वायरिंगचा. गळ्यात तुळशीची माळ आणि ओठांवर अभंग, म्हणून सारे मला 'महाराज' म्हणत. सकाळी मी विठ्ठलाच्या तसबिरीला उदबत्ती लावेपर्यंत गफूरभाई पान्याला हात लावीत नसत. "आधी तुमच्या साहेबाची हजेरी होऊ द्या," म्हणत. वीस वर्षांत धर्मावरून आमचे एकदाच भांडण झाले. तेही उदबत्तीच्या ठिणगीने त्यांचे पेट्रोलचे फडके पेटले म्हणून!

*

गफूरभाईंची तपासणीची रीत निराळी होती. लांब स्क्रूड्रायव्हरचे टोक गिअरबॉक्सवर टेकवायचे, मूठ कानाला लावायची आणि डोळे मिटून ऐकत राहायचे. भजनात वीणेकरी उभा राहतो, तसे ते उभे दिसत.

एकदा पुसेगावचे एक शेतकरी जीप घेऊन आले. गफूरभाई ऐकताहेत, ऐकताहेत, बोलत काहीच नाहीत. शेतकऱ्याचा धीर सुटला.

"मिस्त्री, एवढा वेळ तर डॉक्टरबी छातीला नळी लावत न्हाई!"

डोळे न उघडता गफूरभाई म्हणाले, "डॉक्टरला पेशंट सांगतो कुठं दुखतं ते. इथं पेशंट मुका अन् मालक खोटारडा!"

शेतकऱ्यांनी डोक्यावरची टोपी सारखी केली. मग हळूच म्हणाले, "ट्रॉली ओढली व्हती तिनं. कापसाची."

आता माझ्या घरासमोरून नव्या गाड्या जातात. कोणी त्यांना कान लावीत असेल का, असे मनात येते.

*

हिंगोलीचा नुकताच जिल्हा झाला होता, त्या सुमारास एके सकाळी वाठोरे सर आपली गाडी घेऊन आले. सर जवळा बाजारच्या शाळेत विज्ञान शिकवीत. मोटारसायकलच्या अपघातात त्यांचा डावा पाय गुडघ्याखाली निकामी झालेला. मुंबईच्या मेव्हण्याने त्यांच्यासाठी जुनी, ऑटोमॅटिक गिअरची परदेशी गाडी शोधून पाठवली होती. तशी गाडी आम्ही दोघांनीही तोवर पाहिली नव्हती.

गफूरभाईंनी दार उघडून आत वाकून पाहिले आणि ते दचकलेच. "सर, एक पेडल कमी आहे! कोणी काढून नेलं का?"

सर हसले. "मिस्त्री, माझाही एक पाय कमीच आहे. गाडीनं ते आधीच ओळखलंय!"

मग सरांनी जे सांगितले ते मी विसरलो नाही. "पाच वर्षं मी कोणाच्या ना कोणाच्या मागं बसून शाळेत गेलो, महाराज. पाच वर्षं फक्त दुसऱ्याची पाठ पाहिली. आता रस्ता दिसतोय."

त्या दिवशी आम्ही नुसते ऑइल बदलले. पण सर निघाले तेव्हा गफूरभाई रस्त्याच्या मध्यापर्यंत जाऊन, गाडी वळेपर्यंत पाहत राहिले.

*

खंडेनवमीला आमच्याकडे अवजारांची पूजा होई, आणि मी ओळखीच्या प्रत्येक गाडीला काळ्या दोऱ्यात बिब्बा ओवून बांधी. दृष्ट लागू नये, हा हेतू. बिब्बा दिसायला काळे, कडक फळ. पण आत चिकट तेल असते. कातडीला लागले तर फोड उठवते. परीट त्याच तेलाने कपड्यांवर खुणा करीत, त्या जन्मात जात नसत.

सरांनी हात जोडले. "महाराज, तुमचा भाव कळतो मला. पण मी पोरांना विज्ञान शिकवतो. गाडीला बिब्बा लोंबला तर वर्गात कोणत्या तोंडानं उभा राहू?"

मी मान डोलावली. सर चहाला बसले, आणि मी बॉनेट उघडून, गिअरबॉक्सवरून जाणाऱ्या वायरींच्या जुडग्याला, कोणाला दिसणार नाही असा, एक बिब्बा बांधलाच! बिब्ब्याखाली, माळ ओवताना मारतो तशी, दुहेरी गाठ होतीच.

मागे गफूरभाई उभे होते. "सरांना विचारलं का?"

"देवाला विचारलं."

"मग बराबर. सर देवाला मानत न्हाईत. देव सरांना मानतो का, ते बघू!"

*

उन्हाळा लागला आणि सरांची गाडी बिघडली. सकाळी ठीक चाले. दहा-बारा किलोमीटर झाले, तापली, की वेगाची सुई एकदम शून्यावर पडे. गाडी एकाच गिअरमध्ये अडके आणि चढावर ओझ्याच्या बैलासारखी धापा टाकी.

सर म्हणाले, "गाडी पळून राहिली, अन् तिला वाटतं आपण उभ्याच आहोत."

मोठ्या शहरातल्या एका तज्ज्ञाने पाहून निर्णय दिला होता: गिअरबॉक्स गेली, गाडी विकून टाका. हे सांगताना सर आमच्याकडे पाहत नव्हते. निकामी पायावर हात ठेवून बसले होते. गफूरभाईंनी नेहमीप्रमाणे स्क्रूड्रायव्हर कानाला लावला, बराच वेळ ऐकले आणि म्हणाले, "गिअरचा डबा तंदुरुस्त आहे. याला कोणी खबर देऊन न्हाई राहिलं."

मेव्हण्याने गाडीच्या दुरुस्तीच्या पुस्तकाची काही पाने झेरॉक्स करून पाठवली. त्यात युक्ती दिली होती. बॉनेटखालच्या एका प्लगातल्या दोन पिना तारेने जोडल्या की सुईशेजारचा दिवा लुकलुकतो. किती वेळा, त्यावरून दोष ओळखायचा. मोजण्याचे काम अर्थातच माझ्याकडे आले. मी जपमाळ काढली. दिवा लुकलुकू लागला, मी मणी ओढू लागलो. लुकलुक थांबेना; मीही थांबेना.

"किती झाले, महाराज?"

"एकशे आठ!"

"या अल्ला! गाडीत एवढे पार्टच न्हाईत!"

सर शेजारी बसून शांतपणे पाहत होते. म्हणाले, "चार वेळा, मग थांबा, मग दोन. तो एकच गोष्ट पुन्हा पुन्हा सांगतोय, महाराज. तुमच्या नामासारखीच."

चार आणि दोन म्हणजे स्पीड सेन्सर. गिअरबॉक्सच्या अंगावर बसणारा, बोटाएवढा भाग. आतले दाते किती वेगाने फिरताहेत हे ओळखून तो गाडीच्या संगणकाला कळवतो. तो मुका झाला की संगणकाला कोणता गिअर टाकावा ते सुचत नाही. गफूरभाईंचा कान खरा ठरला होता.

*

सेन्सर तपासायचा कसा? सरांनी शाळेच्या प्रयोगशाळेतून गॅल्व्हानोमीटर आणला. "आत चुंबक आहे अन् तारेचं वेटोळं आहे. दाते फिरले की थोडीशी वीज होते. एवढंच," त्यांनी समजावले.

एक चाक जॅकवर उचलले. गफूरभाई गाडीखाली, तारा धरून. सर पाय पसरून जमिनीवर बसले आणि दोन्ही हातांनी चाक फिरवू लागले. मी मीटरसमोर.

खालून आवाज आला, "सुई हलली का, महाराज?"

"न्हाई."

"आता?"

सरांनी चाक जोरात फिरवले. कपाळावरचा घाम डोळ्यांत उतरत होता, पण पुसायला ते थांबले नाहीत. आणि सुई थरथरली! जेमतेम गव्हाच्या दाण्याएवढी, पण थरथरली. न दिसणारे काही फिरत आहे आणि त्याची खूण इथे उमटत आहे, या विचाराने माझे हात आपोआप जोडले गेले.

"महाराज! हलली का?"

सर म्हणाले, "हलली, मिस्त्री. महाराज तिला नमस्कार करून राहिलेत."

"नमस्कार मागून करा! आधी बघा!"

म्हणजे सेन्सर जिवंत होता. तरीही संशय नको, म्हणून मुंबईहून नवा मागवून बसवला. सर मोठ्या आशेने निघाले. अर्ध्या वाटेवर तापल्यावर सुई पुन्हा शून्यावर.

*

शनिवारी सर आले ते निरोपच घेऊन. सोमवारी नांदेडहून गिऱ्हाईक येणार होते. त्यांनी गाडीच्या खणातून खडूचा डबा काढला, मुलांच्या वह्या काढल्या, चष्म्याचे घर काढले, आणि सारे पिशवीत भरू लागले. गाडीचा एकेक दागिना उतरवावा, तसे ते मला दिसले.

गफूरभाईंनी खडूचा डबा त्यांच्या हातून घेतला आणि परत खणात ठेवला.

"सर, एक दिस द्या. थंडी गाडी तपासून आपण चूक करून राहिलो. जिथं तिला तकलीफ होते, तिथंच तिला बघतो."

रविवारी भर दुपारी दोघे जवळा बाजारच्या रस्त्याला लागले. मी गॅरेजात थांबलो. विठ्ठलापुढे बसलो खरा, पण अभंगाचे एक चरण आठवले तर दुसरे आठवेना. कान रस्त्याकडे होते.

चार वाजता हॉर्न ऐकू आला. सर स्वतः चालवीत होते. मी धावत जाऊन खिडकीतून आत डोकावलो. सुई बोलत होती! शेडपाशी गाडी मंदावली तसतशी पन्नासवरून चाळीसवर, तीसवर, अदबीने उतरत आली.

"काय निघालं, गफूरभाई?"

"उंदीर."

"उंदीर?"

"सेन्सरच्या प्लगापाशी वायर कुरतडली होती. गाडी तापली की तार सुटायची. जोडून टाकली."

त्यांच्या उजव्या हाताच्या दोन बोटांना फडके गुंडाळलेले होते. मी ते सोडले. मोठमोठे फोड आले होते. "हे काय?"

"गरम सायलेन्सरला हात लागला. काहून एवढं बघून राहिले?"

मी खोबरेल तेल आणले आणि त्यांच्या बोटांना लावीत बसलो. ते ओठ घट्ट मिटून वर पत्र्याकडे पाहत होते. सर गाडीत बसून पूर्ण वेळ खिडकीबाहेर पाहत होते. सोमवारी नांदेडचे गिऱ्हाईक चहा पिऊन परत गेले.

*

तो उंदीर मी पुढे फार वर्षे पोसला. गणरायाच्या वाहनाने दुसऱ्या वाहनाची परीक्षा कशी पाहिली, हे मी भजनाच्या मंडळींना रंगवून सांगे. उंदीर दरवेळी थोडा मोठा होई. एकदा सर आणि गफूरभाई दोघेही ऐकायला होते. मी सांगितले, "केवढा उंदीर! मांजराएवढा!"

गफूरभाई म्हणाले, "महाराज, आता बस करा. पुढच्या बारीला तोच गाडी चालवील!"

सरांना इतके हसू आले की त्यांना चष्मा काढून डोळे पुसावे लागले.

*

पुढे गफूरभाईंची दृष्टी मंदावली. मुलीने त्यांना हैदराबादेला नेले. जाताना तसबिरीसमोर थांबले आणि म्हणाले, "साहेबाची हजेरी घेत जा." मी घेतो. पण उदबत्ती लावून झाली की मागे पान्याचा आवाज होत नाही, आणि पूजा अर्धीच राहिल्यासारखी वाटते. संतांनी विरहाच्या अभंगांत देवाला इतक्या हाका का मारल्या, ते मला आयुष्यभर गाऊन कळले नव्हते. गफूरभाई गेल्यावर कळले.

दोन वर्षांनी ते तिथेच वारले. मुलीने त्यांची अवजारांची पेटी माझ्याकडे पाठवली. "हे महाराजांचं आहे, असं अब्बा म्हणाले होते," एवढाच निरोप.

मी एकेक पाना पुसून ठेवला. तो लांब स्क्रूड्रायव्हर निघाला. मी तो नकळत कानाला लावला. पेटीच्या तळाशी अत्तराची एक रिकामी डबी होती. उघडली. आत काळा दोरा आणि त्यात ओवलेला एक बिब्बा. तापून तेल पाझरलेला, पार सुकलेला, एका बाजूने फुटलेला, प्लगाचे निळे प्लास्टिक चिकटलेले. बिब्ब्याखाली माळेची दुहेरी गाठ होती. दोऱ्याची टोके मी कातरली होती तशीच. पकडीने तोडल्याची खूण कुठेही नव्हती. गाडीला मारलेली गाठ बोटांनी, हळूहळू, सोडवलेली होती.



संध्याकाळी बाहेर ओळखीचा हॉर्न वाजला. सर अजून तीच गाडी चालवतात. मी बाहेर गेलो आणि काही न बोलता तळहात त्यांच्यापुढे धरला.

सरांनी चष्मा लावला. बिब्ब्याकडे पाहिले, मग माझ्याकडे पाहिले.

"अरे वा, महाराज," ते हळूच म्हणाले, "सापडला का उंदीर?"