हिरव्या रणगाड्याची अर्धी प्रदक्षिणा

'माझा अशा गोष्टींवर विश्वास नाही' हे वाक्य या भुताखेतांच्या ग्रुपवरच्या जवळजवळ प्रत्येक अनुभवाच्या सुरुवातीला असतं, आणि ते वाचून मी नेहमी हसायचो. आज तेच वाक्य मला लिहायचं आहे, म्हणून आधी त्या सगळ्यांची माफी मागतो.

माझा खरंच विश्वास नाही. करमाळ्याला शाळेत विज्ञान शिकवणारे आमचे सर दरवर्षी अमावस्या बघून आम्हाला स्मशानाच्या भिंतीपाशी न्यायचे आणि तिथे बसवून डबे खायला लावायचे. भीती अशीच जाते म्हणायचे. आमच्या घरातला मी पहिला ग्रॅज्युएट, आणि त्यात त्या सरांचा वाटा फार मोठा आहे. त्यांच्या कष्टांवर पाणी पडू नये म्हणून मी हे बरेच दिवस कुणाला सांगितलं नाही. सर, तुम्ही वाचत असाल तर एवढंच सांगतो, मला सुचल्या तेवढ्या सगळ्या शक्यता मी तपासल्या आहेत.

बंगळुरूत मल्लेश्वरममध्ये एका जुन्या घराच्या पहिल्या मजल्यावर मी आणि निखिल भाड्यानं राहतो. निखिल नागपूरचा, माझ्याच ऑफिसात सॉफ्टवेअर टेस्टिंगला आहे. खाली मालकीणबाई, सुनंदाअक्का. त्यांचं कुटुंब आजोबा-पणजोबांपासून इथलंच. घरात मराठी बोलतात, पण प्रत्येक वाक्यात एखादा कन्नड शब्द खडा लागावा तसा लागतो.

निखिलच्या ओळखीचा जे. पी. नगरमधला एक मुलगा त्याचा जुना हँडहेल्ड गेम विकत होता, तो मी घेतला. मध्ये स्क्रीन, दोन्ही बाजूंना बटणं, दोन्ही हातांत धरून खेळायचं. मुलानं तो मॉड केलेला होता, म्हणजे कंपनीची सिस्टिम काढून स्वतःची टाकलेली आणि मेमरी कार्डात जुने कॅसेटवाले गेम भरलेले. टीव्हीला जोडून लहानपणी आपण जे खेळायचो, ते सगळे.

त्यात रणगाड्यांचा गेम दिसला आणि मला एकदम घरची चटई आठवली.

हा गेम खेळला नसेल त्यांच्यासाठी सांगतो. स्क्रीनच्या तळाशी विटांचं छोटं घर असतं, त्यात एक पक्षी. वरून शत्रूचे रणगाडे येतात. पक्षी मेला की गेम संपला. दोघं मिळून खेळता येतं, पहिल्याचा रणगाडा पिवळा, दुसऱ्याचा हिरवा. आमच्याकडे पिवळा माझा आणि हिरवा ताईचा. ताई माझ्यापेक्षा बरीच मोठी. शत्रू मारायला ती कधी वर जायचीच नाही. पक्ष्याशेजारी उभी राहायची, आणि मी चुकून त्या घराजवळ आलो तर माझ्यावरच गोळी झाडायची. त्या गेममध्ये आपल्याच माणसाची गोळी लागली की मरत नाही, पण थोडा वेळ हलता येत नाही. तेवढ्यात बक्षिसाची चांदणी ती घेऊन टाकायची.

आणि प्रत्येक फेरी सुरू झाली की आधी ती पक्ष्याच्या घराला प्रदक्षिणा घालायची. घराच्या खाली स्क्रीनच संपते, त्यामुळे पूर्ण घालता येत नाही. ती डावीकडून वरून उजवीकडे जायची आणि त्याच वाटेनं परत यायची. महादेवाला अशीच घालतात, ओलांडायचं नसतं, असं तिचं म्हणणं. तोवर शत्रू अर्ध्या वाटेवर आलेले असायचे. मी रडकुंडीला यायचो, पण ती ऐकायची नाही.

आता ताई बार्शीला असते. दोन मुलं, सासू, दाजींचं हार्डवेअरचं दुकान. मी सोलापूरला इंजिनिअरिंगला होतो तेव्हा एसटीच्या कंडक्टरकडे माझा डबा देणारी तीच. हे सांगण्याचं कारण असं, की ज्या दिवसांतली ही गोष्ट आहे त्या दिवसांत ताईनं माझ्याशी अबोला धरला होता.

झालं असं होतं, की तिनं सासरच्या नात्यातलं एक स्थळ माझ्यासाठी आणलं. मुलगी चांगली होती. आम्ही फोनवर बोललो. तिला पुणे सोडायचं नव्हतं, मला बंगळुरूची नोकरी सोडणं शक्य नव्हतं, म्हणून अगदी हसतखेळत आम्ही नाही म्हणायचं ठरवलं. ऑफिसातलं रिलीजचं काम संपलं की ताईला सांगू असा मी विचार केला. मुलीनं त्याच संध्याकाळी घरी सांगितलं. ताईला ते तिच्या सासूबाईंकडून कळलं.

त्यानंतर मी फोन केला की भाचा उचलायचा आणि मागून ताईचा आवाज यायचा, "मामाला सांग, आई कामात आहे." भाचा प्रामाणिक. तो म्हणायचा, "मामा, आई टीव्ही बघतीय, पण कामात आहे."

तर रविवार होता, दुपारी जेवून मी गेम लावला. सवयीनं 'टू प्लेअर्स' निवडलं गेलं. तो गेम एकट्यानं मी आयुष्यात खेळलेलो नव्हतो, अंगठा आपोआप तिथं गेला. आता हे नीट लक्षात घ्या, त्या यंत्रावर दोघांनी खेळायचं तर दुसरा कंट्रोलर वेगळा जोडावा लागतो. तो माझ्याकडे नव्हताच. म्हणजे हिरवा रणगाडा नुसता उभा राहणार. बाहेर पडून परत लावावं असं मनात आलं तेवढ्यात तो हलला.

डावीकडून वरून उजवीकडे गेला. आणि त्याच वाटेनं परत आला.

मग पक्ष्याशेजारी उभा राहिला. मी पिवळा रणगाडा हळूच, नुसतं बघायला म्हणून, त्या घराजवळ नेला... ठ्ठो. गोळी मलाच.

मी निखिलला हाक मारली आणि ताईच्या प्रदक्षिणेचं सगळं सांगितलं. तो टेस्टर आहे, भूत दिसलं तरी आधी ते परत दाखव म्हणेल. त्यानं वायफाय बंद केलं, ब्लूटूथ बंद केलं, कार्ड काढून घातलं, स्क्रू काढून मागचं झाकण उघडलं, बटणांखालचं रबर पुसलं. मॉड करणाऱ्यांच्या ग्रुपवर विचारलं तर त्यांनी कळवलं की बटण झिजलं की रणगाडा एका बाजूला सरकत राहतो. आमचा रणगाडा सरकत नव्हता, देवदर्शन करत होता.

शेवटी निखिल म्हणाला, आण, मी खेळतो. त्यानं पिवळा घेतला. हिरव्यानं प्रदक्षिणाही घातली नाही, सरळ निखिलच्या मागे लागला. गोळी, निखिल गोठला. सुटला, परत गोळी. पूर्ण फेरी त्याला एक पाऊल टाकू दिलं नाही.

"हे काय करून राहिली बे तुझी ताई? मी काय केलं तिचं?"

मी सांगितलं की आमच्या खोलीवर रोज बाहेरून जेवण येतं ते याच्यामुळे, असं ताईचं ठाम मत आहे.

निखिलनं यंत्र माझ्या हातात परत दिलं आणि म्हणाला, "बग नाही हा. बगला राग नसतो."

पुढच्या रविवारी तसंच, त्याच्या पुढच्यालाही. भुतं रात्री येतात म्हणतात, आमच्याकडे जेवणानंतर, लख्ख उन्हात. इतर दिवशी कितीही लावा, हिरवा ढिम्म. एकदा सुनंदाअक्का कोसंबरीचं, म्हणजे भिजवलेल्या डाळीच्या कोशिंबिरीचं, भांडं घेऊन वर आल्या आणि आम्हा दोघांचे चेहरे बघून तिथेच बसल्या. मी सगळं सांगितलं. त्या अजिबात घाबरल्या नाहीत.

"बहीण वारली काय रे?"

"नाही हो अक्का, बार्शीला असते."

"मग भूत कसलं ते? स्वल्प फोन कर की तिला."

मी म्हणालो, ती बोलत नाही. अक्का म्हणाल्या, खेळते पण बोलत नाही, म्हणजे राग निम्मा उतरलाय. आणि त्या दर रविवारी येऊन बसू लागल्या. त्यांना गेम कळत नव्हता, पण हिरव्यानं मला गोळी घातली की त्या "सरी" म्हणायच्या, म्हणजे बरोबर.

खरं सांगू? मला ते आवडायला लागलं होतं. भीती कधीच गेली होती. पूर्ण आठवडा मी त्या दुपारची वाट बघायचो. फोनवर न बोलणारी ताई तेवढा वेळ माझ्याशेजारी असल्यासारखी वाटायची. लहानपणी आम्ही ज्या फेरीला नेहमी हरायचो तिच्या अगदी जवळ आलो होतो.

आणि मग एका रविवारी हिरवा हललाच नाही.

मी थांबलो. परत लावला. अक्का म्हणाल्या, येईल, जेवण उशिरा झालं असेल. तिसऱ्यांदा लावला. हिरवा जागेवर, शत्रू खाली आले, विटा फोडल्या आणि पक्षी गेला. ताई शेजारी उभी असताना पक्षी जाणं मी कधी पाहिलेलं नव्हतं. विज्ञान, सर, डिग्री, सगळं बाजूला राहिलं. मनात एकच आलं, ताईला काहीतरी झालंय.

मी फोन लावला. कुणी उचलला नाही. परत लावला. दाजींचा बिझी. भाच्याचा आवाजसुद्धा नाही. निखिल, जो कधी कुणाला धीर देत नाही, तो माझ्या पाठीवर हात ठेवून उभा होता. मी लावतच राहिलो.

शेवटी तिचा आला. तिचा स्वतःचा.

"आपली आई बरी आहे ना?" तिनं घाईघाईनं विचारलं.

"बरी आहे."

"मग एवढे फोन कशाला? जीव गेला ना माझा."

"तू बरी आहेस का, ताई?"

"मला काय धाड भरलीय? पाव्हणे आलेत. रविवारचं जेवून जरा पडते, ते पण आज नाही मिळालं." मग तीच म्हणाली, "पडून तरी काय, उठले की डावा अंगठा दुखतो. कामं सगळी उजव्या हातानं करते मी. दुखतो मात्र डावा."

त्या यंत्रावर रणगाडा डाव्या अंगठ्यानं फिरवतात. मी स्पीकर चालू केलेला होता. निखिलनं आपला डावा अंगठा वर करून बघितला आणि खाली बसला.

"बोल की आता," ताई म्हणाली. "लावलायस तर बोल."

मी म्हणालो, ताई, तुला आधी सांगायला पाहिजे होतं.

ती हळू आवाजात बोलली.

"पोरगी नको म्हणालास त्याचा राग नव्हता, बाळ्या. सासूबाई मला सांगतायत आणि मला माहितीच नाही. मी म्हणाले, मला ठाऊक होतं. तुझ्याबद्दल कधी खोटं बोलायची वेळ आली नव्हती माझ्यावर."

अक्कांनी भांडं उचललं, निखिलला कोपरानं ढकललं आणि दोघं खाली गेली. मी आणि ताई त्या दिवशी पाव्हणे ताटकळेपर्यंत बोललो.

त्यानंतर हिरवा रणगाडा आजपर्यंत एकदाही हललेला नाही.

याचं स्पष्टीकरण माझ्याकडे नाही. आमच्या कामात काही बिघडलं की कारण शोधून लिहून द्यावं लागतं, 'आपोआप झालं' चालत नाही. इथं मला तेवढंच लिहिता येतंय. ताई बार्शीला झोपलेली होती, रणगाडा मल्लेश्वरमला फिरत होता, मधे काहीही जोडलेलं नव्हतं, आणि हे आम्ही तिघांनी पाहिलं. ताईला यातलं काही सांगितलेलं नाही. ती आधी विचारेल, सुट्टीच्या दिवशी गेम खेळतोस आणि आईला फोन करत नाहीस का.

अंगठा दुखायचा थांबलाय म्हणाली. आता ती रविवारी दुपारी झोपतच नाही. जेवण झालं की मला फोन करते आणि सासूबाईंपासून भाच्याच्या मार्कांपर्यंत सगळं सांगते, चहाची वेळ होईपर्यंत. निखिल तेव्हा समोर ते यंत्र घेऊन बसलेला असतो. ती एक फेरी राहिली ना, त्याला चैन नाही. परवा तो माझ्या कानाशी येऊन कुजबुजला, "तिला म्हण ना बे, अर्धा तास जरा पड म्हणून."

मी नकाराची मान हलवली. एवढ्या दिवसांनी बोलायला लागलेल्या बहिणीला झोप म्हणून कसं सांगायचं?